मांबवे भाषेची डिक्शनरी कुठं मिळेल? घेतली ती चुकीची निघाली की काय

कडकभाकरी_सोलापूर
नमस्कार मंडळी. माझा धाकटा भाऊ चार महिने झाले झांबियात आहे, बोअरवेलच्या कामावर, पार उत्तरेला म्बाला म्हणून गाव आहे तिथं, टांझानियाची बॉर्डर जवळच. ऑफिसात इंग्लिश चालतं पण गावातल्या बायका, म्हातारी माणसं मांबवे बोलतात आणि बोअर कुठं मारायचा ते शेवटी त्यांनाच विचारावं लागतं. तर तो मला व्हॉइस नोट पाठवतो, मी रात्री जेवणं झाली की दोनशेपानी वहीत शब्द उतरवून घेते, अ पासून पानं पाडलीत. त्याला वेळ नाही आणि मला हौस, असं आहे.

आता अडचण. एका ऑनलाइन दुकानातून 'मांबवे डिक्शनरी' म्हणून साडेतीनशे रुपयाची पीडीएफ घेतली, नाव नाही घेत. त्यात माणसं म्हणजे 'अबांतु' आणि वस्तू, अनेकवचन, म्हणजे 'इफिंतु' दिलंय. भाऊ म्हणतो इथं सगळे 'आंतु' आणि 'इविंतु' म्हणतात, आणि पीडीएफमधलं बोललं की समजतं त्यांना पण हसतात. त्याचे कान खराब की माझी पीडीएफ? आणि खरी डिक्शनरी आहे का कुठं? मी सर्च केलं तर कसलं तरी अभयारण्य आणि राजकारणच येतंय नुसतं.

पूर्वभाग_पोट्टा
काय करूलालास बे ताई, इथं आमाला कन्नड येईना धड 😄 मजाक करतोय, मस्त चाललंय तुमचं, वही बंद करू नका

जुनाप्रवासी
ताई, तुमच्या भावाचे कान चांगले आहेत. तुम्हाला बेंबा या तिथल्याच शेजारच्या भाषेची डिक्शनरी मांबवे म्हणून विकलीय. 'अबांतु' आणि 'इफिंतु' ही बेंबाची रूपं. मांबवेत पुढचा 'ब' गळतो म्हणून 'आंतु', आणि बेंबाच्या 'फि' च्या जागी 'वि' येतो म्हणून 'इविंतु'. कुठलीही पीडीएफ घ्यायच्या आधी हे दोन शब्द बघायचे, दहा सेकंदात कळतं.

मी सहा वर्षं झांबियात कॉपरबेल्टला, म्हणजे तांब्याच्या खाणींच्या भागात काढली, मांबवे काही शिकलो नाही, बेंबा कामापुरती येत होती. तिकडं सरकारनं सात स्थानिक भाषा धरल्यात, बेंबा, न्यांजा, टोंगा, लोझी, काओंडे, लुंडा, लुवाले. मांबवे त्यात नाही. त्यामुळं उत्तरेकडची पोरं घरी मांबवे बोलली तरी शाळेत बेंबा, म्हणून भावाचं बोलणं समजतं सगळ्यांना आणि हसू पण येतं.

खरी डिक्शनरी आहे. आंजेय हालेंबा नावाचे पोलंडचे कॅथलिक पाद्री होते तिकडं, त्यांची मांबवे-इंग्लिश डिक्शनरी, १९९४ ची, एन्डोला गावच्या मिशन प्रेसनं छापलेली. दुकानात शोधू नका. भावाला म्हणावं जवळच्या कॅथलिक चर्चमध्ये जाऊन विचार, तिथंच एखाद्या कपाटात असण्याचा चान्स जास्त.

आणि तुमचं ते अभयारण्य, तो सगळ्यांनाच चकवा आहे. मांबवे नावाचा जिल्हा आहे झांबियात पण तो पूर्वेला, साउथ लुआंग्वाच्या जंगलाकडं, तिथं कुंडा लोक राहतात, या भाषेशी काही संबंध नाही. राजकारण येतं कारण हीच भाषा मांबवे-लुंगू अशी पण लिहितात आणि एडगर लुंगू नावाचे राष्ट्राध्यक्ष होते तिकडं.

शब्दवेडा
वरच्या काकांनी बरोबर सांगितलंय, थोडी भर घालतो. लायब्ररीच्या कॅटलॉगमध्ये एका नावानं शोधून भागत नाही. मांबवे, मांबवे-लुंगू, लुंगू, रुंगू, भाषा म्हणून चिमांबवे (रोमनमध्ये सी नं सुरू होतं, एच लावतातच असं नाही, पण उच्चार च), टांझानियाच्या बाजूला स्वाहिलीच्या वळणानं किमांबवे. सगळी टाकून बघायची. यातनं सुटायला भाषेचा आंतरराष्ट्रीय कोड आहे, एमजीआर. हो, तमिळ हिरोवालाच, लक्षात राहतो लगेच.

पण ताई, डिक्शनरी हातात आली तरी तुमच्या वहीचा घोळ तसाच राहणार, कारण तुम्ही अ पासून पानं पाडलीत. आपल्याकडं शब्द मागं बदलतो. घर, घराला, घरातल्यांना, कसंही आलं तरी घ च्या पानावरच सापडतं. मांबवे, बेंबा या ज्या कुळातल्या, त्या बांटू भाषांमध्ये शब्द पुढं बदलतो. 'उमुंतु' म्हणजे माणूस, 'आंतु' माणसं, 'इचिंतु' वस्तू, 'इविंतु' वस्तू अनेकवचनी. तुमच्या वहीत हे उ, आ, इ अशा तीन पानांवर पसरलेले असणार. खरं मूळ एकच, शेवटचं 'न्तु', पुढं 'उमु' लावलं की माणूस आणि 'इचि' लावलं की वस्तू. म्हणजे आपण शब्दाची शेपटी कापून शोधतो, इथं डोकं कापून शोधायचं.

आता गंमत अशी की काही बांटू डिक्शनऱ्या मुळाप्रमाणं लावतात, काही पूर्ण शब्दाप्रमाणं. म्हणून कुठलीही उघडली की प्रस्तावना नंतर, आधी 'माणूस' शोधायचा. यू खाली मिळतोय, एम खाली की एन खाली, तेवढ्यावरनं कळतं बाकीचं कसं शोधायचं.

कडकभाकरी_सोलापूर
अग्गोबाई. 'उमुंतु' उ वर, 'आंतु' आ वर, बरोब्बर आहे तुमचं, आणि 'इविंतु' ला तर मी 'सामान' अर्थ लिहून ठेवलाय, 'इचिंतु' ला 'वस्तू', दोन वेगळे शब्द म्हणून!! साडेतीनशे गेले ते गेलेच म्हणा 😔

जुनाप्रवासी
गेले असं नाही. ती पीडीएफ ठेवा. बेंबाचं काम पुष्कळ झालंय, व्हाइट फादर्स मिशनऱ्यांची बेंबा-इंग्लिश डिक्शनरी १९५४ ची आहे, जाडजूड. दोन्ही भाषा शेजारच्या, तेव्हा मांबवे शब्द अडला की बेंबात बघायचं आणि भावाकरवी गावात खात्री करायची. देवाला बेंबात 'लेसा', मांबवेत 'लेझा', इतकं जवळ असतं कधीकधी. पण नेहमी नाही, म्हणून विचारल्याशिवाय वहीत पेननं लिहू नका, पेन्सिल वापरा.

पूर्वभाग_पोट्टा
आता सिरियस बोलतो. आमच्या घरी तेलुगू, शाळा मराठी, बाजारात थोडी कन्नड. माझ्या आज्जीचे निम्मे शब्द हैदराबादच्या डिक्शनरीत सापडत नाहीत, मागावरचे शब्द तर नाहीतच, म्हणजे ते चूक आहेत का? तर नाही. तसंच तिकडं असणार. आणि या डिक्शनऱ्या पाद्री लोकांनी केलेल्या, तर देव, पाप, प्रार्थना भरपूर असणार, बोअरवेलचा पाइप कुठनं येणार त्यात? तसले शब्द भावालाच गोळा करावे लागतील.

शब्दवेडा
@पूर्वभाग_पोट्टा मुद्दा बरोबर, पण पाद्र्यांना एवढं मोडीत काढू नको भावा. आपली मोल्सवर्थ १८३१ ची, कंपनीच्या गोऱ्या ऑफिसरनं केलेली, तरी शेती-बाजारातले जे शब्द आज घरात कुणी बोलत नाही ते तिच्यात सापडतात.

ताई, अजून एक फुकटची युक्ती. यहोवाचे साक्षीदार यांच्या वेबसाइटवर मांबवे-लुंगू पण आहे आणि मराठी पण. एकच लेख दोन्हीत उघडायचा, शेजारी शेजारी ठेवायचा. धर्माचं बाजूला ठेवा, भाषेसाठी म्हणतोय. काही गोष्टींना ऑडिओ पण आहे, ते महत्त्वाचं, कारण ही भाषा सुरांची आहे, आवाज वर गेला की खाली आला यानं फरक पडतो आणि साध्या छापील स्पेलिंगमध्ये ते दिसत नाही. ली बिकमोर यांचं २००७ चं पुस्तक आहे लुंगूच्या ध्वनींवर, त्यात सूर आहेत, पण ते भाषाशास्त्रवाल्यांसाठी, मला दोन चॅप्टरमध्ये घाम फुटला. तुमच्याकडं व्हॉइस नोट आहेत ना? डिलीट करू नका. प्रत्येक शब्दापुढं नोटची तारीख लिहा.

कडकभाकरी_सोलापूर
निम्म्या डिलीट झाल्यात हो, मोबाइल भरला होता. असो.

अपडेट देते. नवीन वही केली, पानं आता डोकं कापून. जुन्या वहीत ७२ शब्द होते ते ५१ झाले, बाकीचे एकाच शब्दाचे भाऊबंद निघाले. आणि भाऊ रविवारी चर्चमध्ये जाऊन आला, तिथं एका रिटायर मास्तरांकडं ती हालेंबांची डिक्शनरी निघाली!! कव्हर नाही, सुरुवातीची बरीच पानं गेलीत, ए पासून सी पर्यंत काहीच नाही. मास्तर घरी न्यायला देत नाहीत, बसून बघ म्हणाले, चहा देतात. आज कामावरनं सुटला की परत जाणार आहे. पहिलं 'उमुंतु' शोध आणि कुठल्या अक्षराखाली आहे त्या पानाचा फोटो टाक म्हणून बजावलंय. ते लोक आपल्या साडेतीन तास मागं, म्हणजे इथं दहा तरी वाजतील. फोटो आला की टाकते इथं.