विषय: पुन: बारेतो यांचे तीन चित्रपट, क्रम कसा लावायचा?

नमस्कार मंडळी,

ब्राझीलचे निर्माते लुईझ कार्लोस बारेतो यांच्या चित्रपटांसाठी सभागृह मिळालंय, तीन शनिवार. आत्ता यादीत ‘दोना फ्लोर’ (1976), ‘ओ क्वात्रिल्यो’ (1995) आणि अमेरिकी राजदूताच्या अपहरणावरचा 1997 चा चित्रपट आहे. शेवटच्या दोघांना परभाषा गटात ऑस्करचं नामांकन होतं. पण तिन्ही ठिकाणी ते निर्मातेच. त्यांचं लेखन यात कुठेच दिसत नाही. काका, तुम्ही काय सुचवाल?

---

ताई,

‘ओ असाल्तो आओ त्रेम पागादोर’ (1962, दिग्दर्शक रोबेर्तो फारियास) पहिला लावा. बारेतो मूळचे सेआरा प्रांतातल्या सोब्रालचे, ‘ओ क्रुझेइरो’ साप्ताहिकाचे छायाचित्रकार-बातमीदार. 1960 साली रिओ राज्यात पगाराची रोकड नेणारी आगगाडी लुटली गेली, त्यावरच्या या पटकथेत आणि निर्मितीत ते होते. पटकथेची खरी ताकद दरोड्यानंतर आहे. टोळीचा नियम असा की वाट्यातल्या दहा टक्क्यांहून जास्त खर्चायचं नाही, नाहीतर संशय येईल. झोपडपट्टीतल्या माणसाच्या हातात पैसा आहे, पण तो वापरला की तो पकडला जाणार. सगळा ताण या एका अटीतून उभा राहतो.

दुसरा ‘विदास सेकास’ (1963). इथे ते लेखक नाहीत, सहनिर्माते आणि छायाचित्रकार आहेत (लेखन नसलं तरी हा वगळू नका!). दिग्दर्शक नेल्सन परेरा दोस सांतोस, छायाचित्रण बारेतो आणि जोझे रोझा यांचं. तेव्हाची रीत म्हणजे भिंगावर फिल्टर चढवायचा, आकाश करडं ठेवायचं, ढग छान उठवायचे. पण या रीतीत डोक्यावरच्या उन्हाने चेहरे काळे पडतात, म्हणून मग कृत्रिम दिवे आणावे लागतात. या दोघांनी फिल्टर काढूनच टाकला आणि उजेडाचं माप चेहऱ्यावरून घेतलं. चेहरे वाचता येतात, आकाश पांढरं फटफटीत जळतं. दुष्काळी गावातल्या माणसाला ते ऊन लगेच ओळखू येईल.

दाखवताना दोन गोष्टी सांभाळा. प्रोजेक्टरचा ‘डायनॅमिक’ किंवा ‘व्हिविड’ मोड बंद ठेवा. नाहीतर पांढऱ्यात उरलासुरला तपशील जातो आणि सावल्या डांबरासारख्या होतात. दुसरं, सुरुवातीला बैलगाडीच्या चाकाची लांबलचक करकर आहे. स्पीकर बिघडलाय समजून कोणी आवाज कमी करतं, तसं करू नका. तोच या चित्रपटाचा आवाज आहे, शेवटीही तो परत येतो.

---

काका,

पटलं. तिसरा ‘दोना फ्लोर’च ठेवते. जोर्जे अमादो यांची कादंबरी, दिग्दर्शक बारेतोंचा मुलगा ब्रुनो, प्रदर्शनावेळी वय 21. एक कोटीहून जास्त तिकिटं खपली आणि ब्राझीलच्या चित्रपटांमधला तो विक्रम 2010 पर्यंत टिकला. मात्र शृंगाराची दृश्यं उघड आहेत, त्या शनिवारी मुलांना आणू नये हे निमंत्रणात ठळक लिहायला हवं.

---

ताई,

हो, तसं नक्की लिहा. सोबतच्या टिपणात एवढं घाला की त्या यशामागे नुसती कादंबरी आणि नायिका सोनिया ब्रागा नव्हती. 1969 मध्ये एम्ब्राफिल्मे ही सरकारी चित्रपट कंपनी स्थापन झाली, तिच्याकडून पैसा आणि वितरण मिळायचं, आणि थिएटरांना वर्षातले ठरावीक दिवस देशी चित्रपट लावणं सक्तीचं होतं. पैसा, वितरण आणि पडदा या तिन्हींची सोय असली की निर्माता पुढचा चित्रपट हाती घेऊ शकतो.

मार्च 1990 मध्ये राष्ट्राध्यक्ष कोलोर यांच्या सरकारने एम्ब्राफिल्मे बंद केली आणि वर्षभरातले चित्रपट बोटांवर मोजण्याइतके उरले. मग 1993 चा दृकश्राव्य कायदा आला: कंपनीला प्राप्तिकरातली काही रक्कम चित्रपटात गुंतवता येते. परदेशी वितरकांना बाहेर जाणाऱ्या कमाईवरच्या कराचा 70 टक्क्यांपर्यंतचा भाग ब्राझीलच्या सहनिर्मितीत घालता येतो. यातली अडचण अशी की पैसा कुठल्या चित्रपटाला द्यायचा हे आता कंपन्यांचे विपणन विभाग ठरवतात, त्यामुळे धाडसी पटकथा मागे पडते.

‘ओ क्वात्रिल्यो’ या नव्या काळातला. दिग्दर्शक दुसरा मुलगा फाबियो. चौथा शनिवार मिळाला तर तोच लावा.