घरघंटीचे पैसे किती दळणांत निघतील? समीकरण तपासून द्या

दळणवाली_सातारा:
बहिणीकडून 18,900 रुपये उसने घेऊन 1 एचपीची घरघंटी आणली. तिला बोलून बसले की सात महिन्यांत फेडते. आता रात्री झोप येत नाही, कारण हिशोबाचा ताळा लागत नाहीये.

दळणाचा दर किलोला 6 रुपये, गावातल्या गिरणीएवढाच. नणंदेच्या तसल्याच घंटीवर मोजून पाहिलं: 16 किलो गहू दळायला दोन तास लागले आणि मीटर 2 युनिट पुढे सरकला. माझ्या बिलात युनिट सरासरी 8.80 ला पडतं, म्हणजे किलोला विजेचे 1.10. जाळ्या आणि दुरुस्तीचे 40 पैसे धरले. एकूण खर्च किलोला 1.50. रोज 15 किलो दळण येईल. त्यात घरचंही आलं, कारण तेही आजवर गिरणीत पैसे देऊनच दळून आणत होते.

मुलगा दहावीला आहे. त्याने x किलो मानून मांडलं:
6x = 18900 + 1.5
x = 3150.25

रोज 15 किलोने 210 दिवस, बरोबर सात महिने. पण त्या शेवटच्या 25 शतांशाने माझ्या मनात पाल चुकचुकली. किलोमागे दीड रुपया जातोय, मग उत्तरात त्याचा फरक फक्त पाव किलोचा कसा?

गणिताचे_सर:
ताई, शंका अगदी बरोबर. दीड रुपया एकदाच नाही, प्रत्येक किलोला जातो. म्हणून 1.5 नाही, 1.5x.

6x = 18900 + 1.5x
4.5x = 18900
x = 4200

म्हणजे 280 दिवस. मुलाला रागावू नका, दहावीच्या वर्गात ही चूक मी दरवर्षी बघतो. त्याला उत्तर परत गोष्टीत घालून बघायला सांगा. 3150 किलो दळलं की हातात 18,900 येतात हे खरं, पण तोवर 3150 × 1.5 = 4,725 रुपये वीज-दुरुस्तीत गेलेले असतात. तेवढे कमी पडतात ना? आणि 4200 ला: मिळाले 25,200, खर्च 6,300, उरले 18,900. हा पडताळा वहीत लिहायची सवय लागली की चूक तिथेच सापडते.

दुसरं, प्रत्येक संख्येशेजारी एकक लिहायचं. 18,900 'रुपये', 1.5 'रुपये दर किलो'. दोन्ही सरळ मिळवता येत नाहीत, हे डोळ्यांनाच दिसतं.

मोटर_रिवाइंडिंग:
सरांचं समीकरण बरोबर, पण 1.10 मला पटत नाही. ताई, 8.80 ही बिलाची सरासरी आहे, त्यात स्थिर आकार पण आला. तो घंटी नसतानाही भरताच, मग घंटीच्या माथी कशाला? उलट घरगुती बिलात 100 युनिटपर्यंत एक दर, 101 ते 300 ला बराच जास्त. घंटीची युनिटं तुमच्या आत्ताच्या वापराच्या वर चढणार. महिन्याला तुमचा वापर किती?

आणि बाहेरचं दळण घेणार, तर मीटर घरगुती चालेल का ते उपविभागात आधी विचारा.

दळणवाली_सातारा:
दोघांचेही मनापासून आभार. बिल घेऊन बसले. आमचा वापर 85 युनिट. सगळे आकार-कर धरून 100 पर्यंतचं युनिट साधारण 7 ला, पुढचं 13 ला पडतं. महिन्याला 450 किलो म्हणजे जवळपास 56 युनिटं: 15 जुन्या दराने, 41 नव्या. 105 + 533 = 638 रुपये, किलोला 1.42. त्यात 40 पैसे मिळवून 1.82.

या वेळी मुलाने स्वतःच मांडलं:
6x = 18900 + 1.82x
4.18x = 18900
x = 4521.53

4521 किलोवर अजून दोन-सव्वादोन रुपये बाकी राहतात, म्हणून 4522 धरायचे, हे त्यानेच मला समजावलं. 302 दिवस. सात नाही, दहा महिने.

दर 7 केला तर 244 दिवसांत निघतात, पण गिरणी 6 घेत असताना माझ्या दारात कोण येईल? आणि येतील त्या माझ्याच आळीतल्या बायका, त्यांच्याकडून जास्त घ्यायला माझं मन होत नाही.

बहिणीला आज दुपारी फोन करून खरं सांगितलं. तिच्या लेकीची कॉलेजची फी जूनमध्ये भरायची आहे, म्हणून एकदम देण्यापेक्षा दर महिन्याला 1,880 पाठवायचं ठरलं. 450 किलोवर 4.18 ने तेवढेच उरतात. मीटरच्या वर्गाचं विचारायला सोमवारी उपविभागात जाते. तिथे दर वेगळा निघाला तर 1.82 च्या जागी नवा आकडा घालून परत सोडवू.

गणिताचे_सर:
पहिल्या महिन्याचं खरं दळण किती झालं ते इथे लिहा. 15 किलोचा अंदाज आहे, तो 12 निघाला तर दिवस साधारण 373 होतात. किलोही थोडे कमी, 4474 च्या आसपास होतील, कारण महिन्याला 13 च्या दराची युनिटं कमी लागून 1.82 चा आकडा जरा उतरतो.