दशांशाचा भागाकार आणि शाब्दिक उदाहरणं : तुमचे अनुभव सांगा

मुलगी सहावीत आहे. इंदूरची हिंदी माध्यमाची शाळा, त्यामुळे तिथे 'दशमलव' आणि 'इबारती सवाल', घरी माझ्या तोंडी 'दशांश' आणि 'शाब्दिक उदाहरणं'. नुसता भागाकार दिला तर बिनचूक करते. परवा मात्र अडली. ७.५ मीटर कापड, एका पिशवीला ०.६ मीटर, पिशव्या किती, कापड किती उरेल? दोन्ही संख्यांना १० ने गुणलं, ७५ ला ६ ने भागलं, भागाकार १२, बाकी ३. आणि लिहिलं, '३ मीटर उरलं'. तीन मीटरमध्ये आणखी पाच पिशव्या होतात! तुम्ही हे कसं शिकलात, मुलांना कसं शिकवलंत?

रामबागेतून, शिवणकाम करणारी :
ताई, कापड सेंटीमीटरमध्ये मोजायला सांगा. ७५० मधून ६०-६० चे बारा तुकडे, गेले ७२०, उरले ३०. संख्या १० ने गुणल्या तेव्हा मीटर सुटलं, आपण मीटरचे दहावे भाग मोजायला लागलो. म्हणून ती बाकी तीन दशांश मीटर. मी रोज कापड बेतते, बाकी कुठल्या मापातली हे आधी बघते.

सुदामा नगर :
वडील नमकीनच्या दुकानात कामाला होते. ६ किलो शेव, ०.२५ किलोची एक पुडी, पुड्या किती? मी चक्क गुणून १.५ लिहिलं होतं. भागलं की संख्या लहान होते, हेच डोक्यात पक्कं. वडील एवढंच म्हणाले, "सहा किलोची दीडच पुडी? बांधून दाखव बरं." किलोत चार पाव, सहा किलोत चोवीस. तेव्हापासून भागाकार दिसला की मी 'यात ते किती वेळा बसतं' असंच वाचतो.

आजोबा, वय ७८ :
१ एप्रिल १९५७ ला नवे पैसे आले तेव्हा मी शाळकरी होतो. रुपयाचे १६ आणे, त्याचे झाले १०० नवे पैसे. म्हणजे आण्याचे ६.२५. आता पाव पैसा द्यायचा कुठून? आण्याचे सहा धरत, पावलीचे, म्हणजे चार आण्यांच्या नाण्याचे, मात्र पूर्ण पंचवीस. सुटे चार आणे वेगवेगळे मोजले तर चोवीसच! उत्तर कुठे तोडायचं हे व्यवहार ठरवतो, ते मला तिथे कळलं. पावकी, सवायकी, दिडकी, म्हणजे पाव, सव्वा आणि दीडचे पाढे, पाठ होती, त्याचाही फार आधार. नातवंडांना मी अजून म्हणून दाखवतो.

शिकवणी घेते, वीस वर्षं :
'सव्वा किलो पेढे ६०० रुपयांना, किलोचा भाव काय?' इथे मुलं १.२५ ला ६०० ने भागतात. मी विचारते, दोन किलो ६०० ला असते तर? लगेच ३००. मग दोनच्या जागी १.२५ ठेव, कृती तीच. उत्तर ४८०. आजोबांच्या पद्धतीने केलं तर सव्वा म्हणजे पाच पाव, पावाचे १२०, किलोचे ४८०. दोन्ही वाटा दाखवा, पडताळा आपोआप होतो.

धागा काढणारी :
सगळ्यांचे मनापासून आभार. आज टेप घेऊन जमिनीवर ओढणी मोजत बसलो. मध्येच तिने विचारलं, "आई, ७५ भागिले ६ पुढे केलं तर १२.५ येतं. ती अर्धी पिशवी म्हणजे ०.६ चं अर्धं, ०.३ मीटर. उरलेलं कापड तेच ना?"