मदत हवी आहे: अभिजित ताऱ्याला ध्रुव केला तर अगस्त्य तारा बुडेल का?

नमस्कार मंडळी. मी नागपूरची. एक अद्भुत कथा लिहितेय आणि गाडी अडलीय.

कथेतल्या विद्यापीठात तारे दुर्बिणीतून बघत नाहीत, पहाटे अंगणातून प्राजक्तासारखे वेचतात. नक्षत्रांच्या नावांची सत्तावीस वसतिगृहं आहेत. अठ्ठाविसावं अभिजितचं, त्याचं दार मात्र रोज जागा बदलतं. (जुन्या याद्यांतही अभिजित कधी असतो, कधी नसतो, तिथूनच सुचलं.)

आता कुलगुरूंनी ध्रुवपद अभिजितला देऊन टाकलंय. एका रात्रीत! खरं तर पृथ्वीचा अक्ष सुमारे २६,००० वर्षांत एक गिरकी घेतो आणि इ.स. १४,०००च्या आसपास अभिजित उत्तर ध्रुवबिंदूजवळ येणारच आहे. मला तेवढा धीर नाही.

काल गच्चीवर सतरंजी टाकून, डास मारत अंदाज घेतला. आपला अक्षांश २१ अंश, म्हणून ध्रुव क्षितिजापासून तेवढाच वर. हात लांब करून एकावर एक दोन मुठी ठेवल्या की सापडतो. दक्षिणेला अगस्त्य सध्या फार तर १६ अंश चढतो. ध्रुव बदलल्यावर तो नागपुरातून दिसेल का? माझी नायिका वसतिगृहाबाहेर त्याचीच वाट बघत बसलीय हो!

स्टेलॅरियममध्ये (आकाश दाखवणारं सॉफ्टवेअर) साल १४,००० टाकलं तर उत्तर विश्वासार्ह मिळेल का? की रमण विज्ञान केंद्राच्या तारांगणात जाऊन विचारू? कोणी असा हिशेब केला असेल तर सांगा. पत्रिका-बित्रिका नको बाप्पा, नुसतं आकाश.