अनुभव धागा : समाजवादी फुटले तेव्हा तुमच्या घरात काय झालं?

१९६४ साली प्रजासमाजवादी आणि राममनोहर लोहियांचा समाजवादी पक्ष एक होऊन संयुक्त सोशालिस्ट पार्टी, म्हणजे संसोपा झाली. जानेवारी १९६५ मध्ये वाराणसीच्या अधिवेशनात पुन्हा फूट. एसेम (एस. एम. जोशी) संसोपात राहिले, नानासाहेब गोरे प्रजासमाजवादीत. सख्ख्या भावांसारखी ही माणसं! पुढाऱ्यांचं छापून आलंय, घरातलं कुणी लिहीत नाही. ते लिहा. सुरुवात मी करतो.

पुण्यातला वाडा, खोल्या दोन. बाबा प्रजासमाजवादी, काका संसोपा. काँग्रेसला पाडायला जनसंघाचा हात धरायचा का, यावर रात्र रात्र वाद. नंतर बोलणंच बंद. एका पंगतीला बसून बाबा आईला म्हणायचे, "त्याला कढी हवी का विचार." ६७ ला एसेम पुण्यातून लोकसभेवर गेले, त्या रात्री काकांच्या पानात जिलबी बाबांनीच वाढली. बोलले मात्र नाहीत.

---

आमचं गाव राजापूर मतदारसंघातलं. नाथ पै प्रजासमाजवादीचे, आजोबांचं दैवत. काका मुंबईत महापालिकेत, संसोपाच्या जॉर्ज फर्नांडिसांच्या युनियनमध्ये. ६७ ला जॉर्जनी काँग्रेसच्या स. का. पाटलांना पाडलं, त्या वर्षी चतुर्थीला काका ताठ मानेने आले. "तुमचो नाथ आमच्यांगडे कित्याक येणा नाय?" आजोबा उठून खळ्यात गेले. जानेवारी ७१ मध्ये नाथ गेले. काका रात्रीच्या एसटीने आले आणि ओट्यावर आजोबांना धरून रडले. त्याच वर्षी दोन्ही पक्ष एक झाले. उशीरच झाला म्हणायचा.

---

आमच्या राष्ट्र सेवादलाच्या (समाजवाद्यांच्या युवक संघटनेच्या) शाखेतले एक गुरुजी अचानक यायचे बंद झाले. कारण आम्हा पोरांना कुणी सांगितलं नाही. खेळ तेच घेत, अजून आठवतात.

---

मी परळच्या चाळीत वाढले. अण्णा सेवादलातले, प्रजासमाजवादी. १९६८ च्या महापालिका निवडणुकीत पक्षाने शिवसेनेशी युती केली. सेनेची दाक्षिणात्यांविरुद्धची 'हटाव लुंगी' घोषणा कानावर पडत होतीच, आणि आमच्या खालच्या मजल्यावर एक तमिळ कुटुंब. अण्णा मतदारांच्या चिठ्ठ्या वाटत निघाले, मी मागे. त्या दाराशी मामींनी नेहमीसारखी स्टीलच्या पेल्यात कॉफी आणली. अण्णांनी उभ्यानेच प्यायली, चिठ्ठी खिशात घातली आणि वर आले. सेनेचे ४२ नगरसेवक निवडून आले. अण्णा पुन्हा प्रचाराला गेले नाहीत. उरलेल्या गठ्ठ्याच्या कोऱ्या बाजूवर मी वर्षभर गणितं सोडवली.