लॅपटॉप झोपला, सर्व्हिस जागीच : तुमचे अनुभव टाका

रातकिडा
काल पुण्याहून परतताना सॅकमध्ये हात घातला तर लॅपटॉप भाकरीच्या तव्यासारखा! झाकण मिटलेलं, पंखा चालू. एकदम २०१६ आठवलं. आमची बॅकअपची विंडोज सर्व्हिस होती, म्हणजे खिडकीविना मागे चालणारा प्रोग्राम. मशीन झोपायला लागलं की हातातलं काम आवरून थांबायचं, एवढंच तिचं काम. माझ्या डेस्कटॉपवर सस्पेंडचा इव्हेंट (विंडोजचा ‘आता झोपतोय’ निरोप) इमानदारीत यायचा. ग्राहकाच्या नव्याकोऱ्या टॅबलेटवर ढिम्म. दोन आठवडे मी हँडलर (तो निरोप झेलणारा कोड) उसवत बसलो. शेवटी कुणीतरी म्हणालं, अरे पॉवरसीएफजी /ए तरी मार, मशीनला कुठल्या झोपा येतात ते दाखवणारी कमांड. एस३, म्हणजे जुनी गाढ झोप, नाहीच! एस० लो पॉवर आयडल. म्हणजे पडदा काळा, पण आत डुलकी. मग कन्सोल डिस्प्ले स्टेटची, म्हणजे पडदा बदलला की निरोप मिळावा अशी, नोंदणी केली: ० विझला, १ चालू, २ मंद. तरी दोन दिवस काही येईना, कारण निरोप कुणाला द्यायचा ते सांगताना खिडकीवाला फ्लॅग दिला होता. सर्व्हिसला कुठली आलीय खिडकी! सर्व्हिस हँडलवाला दिला आणि लॉगमध्ये पहिला शून्य उमटला. त्या दिवशी सगळ्यांना कटिंग माझ्याकडून.
तुमचं सांगा.

चकली
सेम पिंच. डॉटनेटमध्ये झोपेचा निरोप देणारं पॉवरमोडचेंज्ड लावलं. डेमोत मस्त, सर्व्हिसमध्ये मुकं. ते निरोप उचलणारा मेसेज लूपच नाही तिथे. मग सर्व्हिससाठीचं ऑनपॉवरइव्हेंट लिहिलं, तेही गप्प. ‘असे निरोप मला चालतील’ सांगणारं कॅनहँडलपॉवरइव्हेंट ट्रू करायचं राहिलं होतं 🤦 कुकर झाला, आले.

मुळशीकर
आमच्याकडे लो पॉवर स्टेट ओळखायला सर्व्हिस लागत नाही. पंखा थांबतो.

चकली
😂😂

तिखटमीठ
पण @रातकिडा, पडदा विझला म्हणजे झोपलंच असं कुठाय? माझा डेस्कटॉप दर दहा मिनिटांनी पडदा विझवतो, बिल्ड (कोडची बांधणी) चालूच असतो.

रातकिडा
बरोबर. म्हणून आधी मशीनच्या पॉवर क्षमता विचारायच्या, त्यात एओएसी (एस०वाली डुलकी आहे का, ते सांगणारी खूण) खरं असेल तरच पडद्यावर विसंबायचं. आणि नंतर खातरजमा इव्हेंट व्ह्यूअरमध्ये, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत: कर्नल-पॉवरच्या नोंदी ५०६ (डुलकीत गेलं) आणि ५०७ (बाहेर आलं).

खलाशी
लिनक्सवाले हात वर करा. झोपेचं बघणाऱ्या लॉगइंडचा प्रिपेअरफॉरस्लीप (‘झोपायची तयारी करा’) निरोप ऐकायचा, ‘जरा थांब’ म्हणणारा डिले लॉक धरायचा, काम आटोपलं की सोडायचा. सोप्पं. फक्त मूळ मुदत ५ सेकंद आणि आमचं फ्लश (डेटा डिस्कवर उतरवणं) चालायचं सात! रोज सकाळी अर्धी फाइल. शिवाय टायमर मोनोटॉनिक नावाच्या घड्याळावर, ते झोपेत थांबतं. बूटटाइम हे दुसरं घड्याळ चालत राहतं. आता दोन्ही वाचतो, वजाबाकी केली की झोप किती झाली ते कळतं.

रातकिडा
विंडोजवर तीच वजाबाकी गेटटिककाउंट६४ (झोप धरून) आणि अनबायस्ड इंटरप्ट टाइमची (झोप सोडून).

आजोळ
मी अँड्रॉइडवाली, चालेल ना? आईसाठी गोळ्यांच्या वेळा सांगणारं ॲप केलं होतं, मागे सर्व्हिस आणि तिचा स्वतःचा टायमर. माझ्याकडे कधी चुकलं नाही. आईकडे रात्रीची गोळी हटकून चुकायची. चार वेळा फोन तपासला, प्रत्येक वेळी केबल लावून! चार्जिंगला असला की डोझ, म्हणजे अँड्रॉइडची बॅटरी वाचवणारी झोप, लागतच नाही 😑 अँड्रॉइड ६ पासून फोन केबलविना, न हलता, पडदा बंद करून पडला की डोझ. मग एडीबीवरून (संगणकावरून फोनला हुकूम देणारं साधन) डंपसिस डिव्हाइसआयडल फोर्स-आयडल मारून जबरदस्तीने डोझ लावली आणि समोरच गप्प झालं. आता डोझमध्येही वाजणारा अलार्म सिस्टिमकडे देते. तोवर आईचं म्हणणं, "तुझा गजर माझ्याआधी झोपतो."

चकली
आई ग्रेट! बीपीची गोळी का? माझ्या सासूबाई कॅलेंडरवर फुली मारतात, चुकत नाही कधी.

आजोळ
हो, बीपीच. फुलीवरच आलोय आम्हीही, ॲप नुसतं शोभेला.

तिखटमीठ
@रातकिडा बॅटरी फुगली नाहीये ना बघ. ट्रॅकपॅड वर आला असेल तर वापरू नकोस.

रातकिडा
नाही, सपाट आहे. हायबरनेटवर (सगळं डिस्कवर ठेवून बंद) टाकला आता.

मुळशीकर
सॅकमध्ये डबा होता का?

रातकिडा
होता. पोळ्या दादरपर्यंत गरम होत्या.