मदत हवी आहे: टोकियोहून एका दिवसात आमचं पहिलं स्कीइंग आणि आईसाठी ओन्सेन

नमस्कार मंडळी,

आम्ही टोकियोत निशी-कासाईला राहतो. मी, नवरा आणि सात वर्षांची लेक. माझे आईबाबा जानेवारीच्या शेवटी तीन आठवड्यांसाठी येतायत. बाबांना फुजी बघायचाय, तो आम्ही कावागुचिकोला जाऊन दाखवू. अडलंय ते आईच्या दिवसाचं.

आईचं माहेर दापोली तालुक्यातलं. माझ्या पणजीला संधिवात होता, म्हणून घरातल्या बायका तिला उन्हवऱ्याच्या गरम पाण्याच्या कुंडांवर न्यायच्या आणि आई त्यांच्या मागे लागून जायची. बायकांचं कुंड वेगळं, आडोसा केलेलं. लुगडं नेसूनच पाण्यात उतरायचं. गंधकाचा वास दोन दिवस केसांतून जायचा नाही. हे सगळं ती अजून सांगते. आता ती चौसष्ट वर्षांची आहे आणि तिचेच गुडघे धरतात. रक्तदाबाची गोळी चालू आहे. मध्यंतरी फोनवर मी तिला म्हटलं, इथे वरून बर्फ पडत असतो आणि माणसं उघड्यावर गरम पाण्यात बसलेली असतात. ती जरा वेळ गप्पच झाली. मग म्हणाली, "पाण्यात बर्फ पडतो तेव्हा आवाज येतो का गं?"

मला उत्तर देता आलं नाही. पाच वर्षं जपानात राहून मी बर्फातलं ओन्सेन, म्हणजे इथलं गरम पाण्याच्या झऱ्याचं कुंड, पाहिलेलं नाही. तेव्हापासून हे डोक्यात बसलंय.

त्याच दिवशी मला आणि लेकीला स्की शिकायचंय. गेल्या वर्षी एका सहल कंपनीच्या बसने गेलो होतो, तो दिवस हातातून गेला. बर्फामुळे महामार्गावर अडकलो, साडेअकराला पोहोचलो, भाड्याच्या बुटांसाठी पाऊण तास रांग. थंडी वाजेल म्हणून मी दोघींना दोन-दोन जाड मोजे घातले होते. बूट आवळल्यावर लेकीची नडगी अशी दुखायला लागली की ती वीस मिनिटांत रडकुंडीला आली. तिच्या पायावर बुटाच्या कडेचा लाल वळ दुसऱ्या दिवशीपर्यंत होता. ओन्सेनसाठी शेवटी अर्धा तास उरला. त्यात कपडे काढून घालण्यातच वेळ गेला आणि ओल्या केसांनी पुन्हा बसमध्ये बसलो. या वेळी बस नको, घाई नको. दोनच गोष्टी करायच्या, पण नीट.

आतापर्यंत गाला युझावा, कारुइझावा आणि कुसात्सु ही तीन नावं काढली आहेत. कुसात्सुचं पाणी गंधकाचं आहे म्हणून मन तिकडे ओढतंय. आम्ही स्कीवर असताना आईबाबांनी कुठे बसायचं, हे कळत नाहीये. नुसतं उपाहारगृहात चार तास बसवून ठेवणं मला पटत नाही. शिवाय आई शाकाहारी आहे. आणि सगळ्यात मोठं म्हणजे, ओन्सेनमध्ये अंगावर काहीच घालायचं नसतं हे मी तिला अजून सांगितलेलं नाही. कसं सांगू? ज्यांनी आईला किंवा सासूबाईंना नेलंय, त्यांनी कृपया लिहा. तारीख फेब्रुवारीचा दुसरा आठवडा धरून चाललोय.

प्रतिसाद

ताई, कुसात्सु या दिवसातून काढून टाका. गाव सुंदर आहे, पण शिंजुकूहून बसने जायलाच चार तास लागतात. तिथे रात्री राहायलाच हवं. कारुइझावा शिन्कान्सेनने, म्हणजे बुलेट ट्रेनने, सव्वा तासावर आहे, स्कीची जागा स्टेशनाला लागून आहे आणि उतार सौम्य आहेत. पण तिथला बर्फ बराचसा यंत्राने केलेला असतो. उतारांवर पांढरे पट्टे आणि आजूबाजूला तपकिरी झाडी असं पुष्कळदा दिसतं. नुसतं स्की शिकायचं असतं तर मी तेच सुचवलं असतं. आईंना खरा बर्फ दाखवायचा तर युझावा.

आम्ही कावासाकीत राहतो आणि दर हिवाळ्यात एकदा तरी तिकडे जातो. तिथे एवढा बर्फ का पडतो ते आईंना सहज समजेल. सायबेरियाकडून येणारा गार वारा जपानच्या समुद्रावरून येताना वाफ उचलतो. मधले डोंगर त्याला अडवतात आणि तो निइगाताच्या, म्हणजे युझावाच्या बाजूला सगळा बर्फ टाकून मोकळा होतो. डोंगर ओलांडून टोकियोकडे येतो तो कोरडाच. कोकणात धो धो पाऊस आणि घाट चढून माण-खटावला गेलं की ढग कोरडे, तसंच हे. फरक एवढाच, की जोएत्सु शिन्कान्सेन हा घाट बोगद्यातून पार करते. दाइशिमिझु बोगदा २२ किलोमीटर लांब आहे. आत शिरताना जमीन अनेकदा मातकट दिसते आणि बाहेर पडलात की घरांच्या छपरांवर माणूसभर बर्फ. आईंना खिडकीत बसवा आणि आधी काही सांगू नका.

हिवाळ्यात 'तानिगावा' गाड्या थेट गाला युझावा स्टेशनात जातात. टोकियोहून सव्वा ते दीड तास. स्टेशनाच्याच इमारतीत स्की आणि कपडे भाड्याने मिळतात, तिथूनच गोंडोला, म्हणजे दोरावरून जाणारा बंद पाळणा, वर जातो. म्हणजे बस नाही, सामान ओढणं नाही. सातच्या आसपासची गाडी धरा. ११ फेब्रुवारीला राष्ट्रस्थापना दिनाची सुट्टी असते, तो दिवस आणि त्याला जोडून येणारे शनिवार-रविवार टाळा.

पैशांचं म्हणाल तर जाऊन-येऊन माणशी तेरा हजार येनच्या वर जातात. त्यापेक्षा रेल्वेचा जेआर टोकियो वाइड पास बघा. २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये तो १५,००० येनचा झाला, लागोपाठ तीन दिवस चालतो, लहान मुलांना अर्धा. परदेशी पासपोर्ट असला की इथे राहणाऱ्यांनाही मिळतो. त्यात कावागुचिकोही येतं, म्हणजे बाबांचा फुजी आणि आईंचा बर्फ एकाच पासात बसवता येईल. काढण्याआधी चालू भाव तेवढा बघून घ्या.

आता बुटांचं. मोजा एकच, पातळ आणि गुडघ्यापर्यंत लांब. पॅन्टची किंवा आतल्या थर्मलची कड बुटात अजिबात जाऊ द्यायची नाही. वळ बहुतेकदा अशा घडीमुळे पडतो. बूट घातल्यावर टाच दोनदा जमिनीवर आपटा, म्हणजे पाय मागे बसतो, मगच खटके लावा. उभं राहिल्यावर बोटं पुढे जेमतेम टेकली पाहिजेत आणि गुडघे वाकवले की मागे सरकली पाहिजेत. लेकीला हे दुकानातच करून बघू द्या आणि दुखत असेल तर लगेच बूट बदलून घ्या, कोणी नाही म्हणत नाही. हातमोजे, टोपी आणि गॉगल सोबत न्या, भाड्याच्या कपड्यांत ते बहुधा नसतात. जीन्स नको, ओली झाली की वाळत नाही.

दोन तासांचा नवशिक्यांचा वर्ग नक्की घ्या. इंग्रजीतून शिकवणारे मिळतात, पण आधी आरक्षण करावं लागतं. नवऱ्याने शिकवतो म्हटलं तरी वर्गच घ्या. पहिल्या दिवशी शिकायचं एकच, थांबणं. इथले शिक्षक 'हा-नो-जि' म्हणतात, म्हणजे जपानी 'हा' अक्षरासारखी, आपल्या कौलारू छपरासारखी स्की धरायची. टोकं जवळ, मागचे भाग लांब. भीती वाटली की माणूस मागे रेलतो आणि मागे रेललं की स्की पळते. नडगी बुटाच्या जिभेवर दाबून धरा. आणि संध्याकाळी खाली येताना स्कीवरून येऊ नका. वरून स्टेशनापर्यंत येणारा अडीच किलोमीटरचा उतार नवशिक्यांसाठी नाही. गोंडोलानेच उतरा.

प्रतिसाद

मी सासूबाईंना नेलं होतं, त्या तेव्हा अडुसष्टच्या होत्या, म्हणून लिहिते.

आधीच सांगा. दारात जाऊन सांगितलंत तर त्यांना फसवल्यासारखं वाटेल. मी घरी चहा पिताना सांगितलं, की तिथे बायकांचं वेगळं असतं, सगळ्या तशाच असतात, आणि नको वाटलं तर तुम्ही नुसते पाय सोडून बसायचं. 'नको वाटलं तर' हे फार महत्त्वाचं आहे. त्या दोन दिवस काही बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी स्वतःच विचारलं, टॉवेल केवढा असतो म्हणून.

टॉवेल छोटा असतो, नॅपकिनएवढा, आणि चालताना तो पुढे धरायची पद्धतच आहे. पाण्यात मात्र तो बुडवायचा नाही, डोक्यावर किंवा काठावर ठेवायचा. केस वर बांधायचे. आधी बुटक्या स्टुलावर बसून साबण लावून स्वच्छ आंघोळ, मगच कुंडात. सासूबाईंना हे इतकं पटलं की त्या म्हणाल्या, हे आपल्यासारखंच आहे, घाण पाण्यात न्यायची नाही. पण ते स्टूल गुडघेदुखीला वाईट. बऱ्याच ठिकाणी उंच स्टूल एखादंच असतं, कोपऱ्यात असतं, ते आधी शोधून ठेवा.

तरीही लाज वाटणार असेल तर काही पारंपरिक जपानी विश्रामगृहांत, म्हणजेच र्‍योकानांत 'काशिकिरी' म्हणजे फक्त आपल्यासाठी राखून ठेवलेलं स्नानगृह मिळतं, तास-पाऊण तासासाठी. दिवसापुरत्या पाहुण्यांना देतात का, हे आधी फोन करून विचारावं लागतं. मी तेच घेतलं होतं. त्यामुळे पहिल्यांदा आम्ही दोघीच होतो. मी त्यांची पाठ चोळून दिली. लग्नाला अकरा वर्षं झाली होती, पण तोवर असं कधी झालं नव्हतं. नंतर त्या आपण होऊन सगळ्यांच्या कुंडात गेल्या.

रक्तदाबाचं गंभीरपणे घ्या. निघण्याआधी डॉक्टरांना विचारा. पाणी ४० ते ४२ अंश असतं. अंगावर आधी कोमट पाणी घ्यायचं, पायांपासून वर. आधी कमरेपर्यंत बसायचं, पाच मिनिटांत बाहेर, पाणी प्यायचं, मग पुन्हा. उठताना काठाला धरून हळू. जेवल्या जेवल्या नको, आणि एकटं तर अजिबात नको.

तुमच्या आईंनी विचारलं ना, आवाज येतो का. नाही येत. उलट सगळे आवाज कमी होतात. पाण्यावर वाफ असते, त्यामुळे बर्फ पाण्याला टेकताना दिसतही नाही, मध्येच नाहीसा होतो. केसांवर पडलेला मात्र राहतो. सासूबाईंच्या पांढऱ्या केसांवर पडलेला मला बोट लावूनच कळला.

प्रतिसाद

दोन-तीन गोष्टी राहिल्यात. युझावा गावात रस्त्याच्या मधोमध बारीक कारंजी असतात, बर्फ वितळवायला जमिनीतलं पाणी उडवतात. रस्ते त्याच्या गंजाने तांबूस झालेले दिसतील. चालणाऱ्याच्या बुटात ते पाणी जातंच. आईबाबांना घोट्याच्या वर येणारे, पाणी न शिरणारे बूट घ्या, तळ खाचांचा असलेले. कापडी बूट नकोत.

स्की न करणाऱ्यांनाही गोंडोलाचं तिकीट मिळतं, तेव्हा आईबाबांना वर न्या, लेकीला स्कीवर बघू द्या. गालाच्या इमारतीतही ओन्सेन आहे, पण वेळ असेल तर मोफत बसने एचिगो-युझावा स्टेशनाकडे, म्हणजे युझावा गावात, या. तिथल्या रोपवेच्या पायथ्याशी 'कोमाकुसा नो यु' आहे. गंधकाचा वास हवा असेल तर 'यामा नो यु'. ते छोटंसं आहे आणि चढावर आहे, त्यामुळे गुडघ्यांसाठी टॅक्सीच करा. तिथे जाणार असाल तर आईंची जोडवी घरी काढून ठेवा. गंधकाच्या पाण्याने चांदी काळी पडते.

खाण्याचं वर फारसं जमणार नाही. तिथल्या करीमध्ये मांस असतं, नूडल्सच्या पाण्यात मासा. दशम्या, धपाटे, तिळाच्या वड्या न्या. थंडीत तिळगुळासारखं दुसरं काही नाही.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. दादा, मोज्यांचं वाचून लेकीला लगेच दाखवलं. ती म्हणाली, मग मी पुन्हा येते.

काल आईला सांगितलं. तुम्ही म्हणालात तसं, 'नको वाटलं तर' धरून. ती म्हणाली, "उन्हवऱ्याला पणजीला तरी कोण लुगड्यातून चोळत होतं? आम्ही पोरी आडोशाला उभ्या राहायचो, तिला सगळं काढूनच बसवायचे." हे तिने मला आजवर कधी सांगितलं नव्हतं.

तर युझावा पक्कं. बुधवारी सुट्टी आहे, म्हणून मंगळवार १० फेब्रुवारी धरतेय. सकाळी सातची गाडी, दहा ते बारा वर्ग, एकपर्यंत सराव, तीनला खाली. बाबा नवऱ्याबरोबर पुरुषांकडे जातील. आम्ही तिघी आधी काशिकिरी आणि आईच्या मनात आलं तर टॅक्सीने 'यामा नो यु'. तिचे गुडघे बघून दोन्ही एका संध्याकाळी जास्त होईल का? आणि एचिगो-युझावात दिवसापुरतं काशिकिरी देणारं, आत धरायला कठडा असलेलं र्‍योकान कोणी स्वतः पाहिलं असेल तर कृपया सांगा. फोन मी जपानीत करीन.